नेपथ्यकाराचे दिग्दर्शन : शेख फत्तेलाल आणि ‘संत तुकाराम’

१

‘नेपथ्य’ हा शब्द संस्कृत नाट्यपरंपरेत पडद्यामागच्या जागेसाठी आणि नटाच्या वेषभूषेसाठी योजला जात असे. मराठी रंगभूमीने तो प्रेक्षकांसमोर उभ्या केलेल्या स्थळरचनेसाठी वापरला. जे मागे होते त्याचे नाव अशा रीतीने पुढे दिसणाऱ्या गोष्टीला मिळाले. परंतु मूळचा दुय्यमपणाचा भाव शब्दाला चिकटून राहिला. नाट्यसमीक्षेत नेपथ्याचा उल्लेख परीक्षणाच्या शेवटच्या परिच्छेदात, प्रकाशयोजना आणि रंगभूषा यांच्या जोडीने, एखाद्या विशेषणासह येतो. चित्रपटसमीक्षेने हीच सवय उचलली. कथा, संवाद, अभिनय आणि दिग्दर्शन यांचा विचार संपल्यावर ‘कलादिग्दर्शन उत्कृष्ट’ असा शेरा मारून समीक्षक मोकळा होतो.

या सवयीला पुढे सिद्धान्ताचेही पाठबळ मिळाले. फ्रान्स्वा त्रूफो यांनी १९५४ मध्ये आणि त्यानंतर अँड्र्यू सॅरिस यांनी १९६२ मध्ये ज्या भूमिकेची मांडणी केली, तिने दिग्दर्शकाला चित्रपटाचा लेखक मानले. निरनिराळ्या चित्रपटांतून पुन्हा पुन्हा उमटणारी एका व्यक्तीची मुद्रा शोधणे, हे समीक्षेचे कार्य ठरले. रोलाँ बार्त आणि मिशेल फूको यांनी साठच्या दशकाच्या उत्तरार्धात लेखक या संकल्पनेचीच उलटतपासणी केली; तरी चित्रपटाच्या अभ्यासात दिग्दर्शकाचे नाव हेच वर्गीकरणाचे एकक राहिले. या चौकटीत कलादिग्दर्शक हा दुसऱ्याच्या संहितेचा सुलेखनकार ठरतो. तो स्वतः दिग्दर्शक झाला तर काय घडते, या प्रश्नाला मग दोनच उत्तरे उरतात. एक तर तो आपला पूर्वीचा व्यवसाय मागे टाकून ‘खरा’ दिग्दर्शक होतो, किंवा दृश्यसौंदर्याच्या मोहात अडकून कथेला आणि माणसांना पारखा होतो.

ही दोन्ही उत्तरे अपुरी आहेत, हे दाखविणारे उदाहरण मराठी चित्रपटाच्या इतिहासात ऐन मध्यभागी उभे आहे. ‘संत तुकाराम’ (१९३६) या प्रभातच्या चित्रपटाच्या दिग्दर्शकांत शेख फत्तेलाल यांचे नाव आहे आणि ते त्याच चित्रपटाचे कलादिग्दर्शकही आहेत. दिग्दर्शनातले त्यांचे सहकारी विष्णुपंत दामले हे प्रभातच्या ध्वनिविभागाचे प्रमुख होते. म्हणजे मराठीतील सर्वाधिक गौरविलेल्या चित्रपटांपैकी एकाचे दिग्दर्शन, रूढ अर्थाने दिग्दर्शक नसलेल्या दोन कारागिरांनी केले. मराठी समीक्षेने या वस्तुस्थितीची नोंद अनेकदा घेतली. तिचा अर्थ लावण्याचा प्रयत्न मात्र क्वचितच केला.

२

फत्तेलाल यांचा जन्म १८९७ मध्ये, कोल्हापूरजवळच्या कागलचा. त्यांची घडण झाली ती कोल्हापुरात, आनंदराव आणि बाबूराव मेस्त्री या बंधूंच्या कलापरंपरेत. हे बंधू नाटकमंडळ्यांचे पडदे रंगविणारे म्हणून ख्यातकीर्त होते. आनंदराव १९१६ मध्ये वारल्यानंतर बाबूरावांनी, म्हणजे बाबूराव पेंटर यांनी, चित्रपटनिर्मितीचा ध्यास पुढे नेला. कॅमेरा स्वतः घडविला आणि महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी केली. १९२० च्या ‘सैरंध्री’पासून या कंपनीची खरी ओळख झाली. दामले आणि फत्तेलाल हे या कार्यशाळेतले शागीर्द. चित्र काढणे, मूर्ती घडविणे, कॅमेरा चालविणे ही कामे तेथे परस्परांपासून तुटलेली नव्हती आणि ज्या हाताला जे साधेल ते करण्याची मुभा होती. १९२८ मध्ये याच कंपनीसाठी दोघांनी ‘महारथी कर्ण’ हा मूकपट दिग्दर्शित केला.

बाबूराव पेंटर यांच्या कार्याची एक बाजू येथे विशेष महत्त्वाची आहे. पडदे रंगविण्यात हयात गेलेल्या परंपरेतल्या या कलावंतानेच चित्रपटात रंगविलेल्या पडद्याऐवजी भरीव, घनाकार सेटचा पुरस्कार केला. या बदलाकडे सामान्यतः तंत्राची प्रगती म्हणून पाहिले जाते. वस्तुतः तो अवकाशाच्या कल्पनेतला बदल होता. रंगविलेल्या पडद्यासमोर नट ‘पुढे’ उभा असतो. स्थळ त्याच्यामागे चित्ररूपाने असते. ते त्याला स्पर्श करीत नाही आणि तोही त्याला स्पर्श करू शकत नाही. राजवाड्याचा पडदा म्हणजे राजवाड्याचा निर्देश. भरीव सेटमध्ये नट ‘आत’ असतो. त्याला उंबरठा ओलांडावा लागतो, खांबाला वळसा घालावा लागतो, चुलीपाशी बसण्यासाठी वाकावे लागते. पडद्याच्या परंपरेत प्रेक्षक आणि पात्र समोरासमोर येतात, तर सेटच्या परंपरेत पात्र वस्तूंच्या मध्ये वावरते आणि प्रेक्षक ते वावरणे पाहतो.

‘पुढे’ आणि ‘आत’ या दोन अवकाशकल्पनांच्या संधिकाळात फत्तेलाल यांचे शिक्षण झाले. दोन्ही त्यांच्या हातात होत्या. पुढील विवेचनाचा आधार हाच आहे.

१ जून १९२९ रोजी कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनीची स्थापना झाली. शांताराम, दामले, फत्तेलाल, धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी हे पाच भागीदार. १९३२ मध्ये ‘अयोध्येचा राजा’ या बोलपटाने आणि १९३३ मध्ये पुण्याला केलेल्या स्थलांतराने कंपनीचे स्वरूप पालटले. या काळात फत्तेलाल यांचे कार्य प्रामुख्याने कलाविभागाचे. ‘अमृतमंथन’ (१९३४) मधील चंडिकेच्या उपासनेचे उग्र जग किंवा एकनाथांच्या जीवनावरील ‘धर्मात्मा’ (१९३५) मधील स्थळे ही शांतारामांच्या दिग्दर्शनाखाली उभी राहिली. प्रभातच्या कलाविभागात सुतार, गवंडी, रंगारी, साचेकाम करणारे असे अनेक हात राबत होते. कलादिग्दर्शक हा या साऱ्या हातांचा मेळ घालणारा. ‘साहेबमामा’ हे फत्तेलाल यांचे कंपनीतले नाव त्या नात्याची साक्ष देते.

प्रभातची जी स्मृती मराठी वाचकांपर्यंत पोहोचली ती मुख्यतः आत्मपर लेखनातून. शांतारामांचे ‘शांतारामा’, शांताराम आठवले यांचे ‘प्रभातकाल’, केशवराव भोळे यांचे ‘माझे संगीत’, हंसा वाडकर यांचे ‘सांगत्ये ऐका’ या ग्रंथांनी दिग्दर्शक, गीतकार, संगीतकार आणि अभिनेत्री यांच्या दृष्टीने तो काळ नोंदविला. हे सारे शब्दांशी, स्वरांशी अथवा अभिनयाशी संबंध असलेले लोक. बांधणाऱ्या हाताची साक्ष शोधायची तर ती चित्रपटातच शोधावी लागते.

३

‘संत तुकाराम’चा आरंभ एका चोरीने होतो. तुकाराम विठ्ठलासमोर बसून, देहभान विसरून अभंग गात असतो. त्यापाठोपाठ तोच अभंग देवळात सालोमालोच्या तोंडी येतो आणि सालोमालो तो स्वतःचा म्हणून गातो. शब्द तेच आहेत. फरक आहे तो गाण्याच्या ढंगात, आणि त्याहून अधिक, गाणारा ज्या अवकाशात आहे त्या अवकाशात. तुकारामापुढे केवळ विठ्ठल आहे. सालोमालोपुढे श्रोते आहेत आणि विठ्ठल त्याच्या कीर्तनाची पार्श्वभूमी झाला आहे. चित्रपटाने अद्याप कोणताही निवाडा शब्दांत दिलेला नाही. कोण कोठे बसले आहे आणि कोणाकडे तोंड करून आहे, एवढ्यावरून प्रेक्षकाला खरा कर्ता कळतो. कर्तृत्वाचा प्रश्न येथे नाममुद्रेने सुटत नाही, स्थाननिश्चितीने सुटतो.

गीता कपूर यांनी या चित्रपटातील संमुखतेचा, म्हणजे देव, भक्त आणि प्रेक्षक यांच्या समोरासमोर असण्याचा, मूलगामी विचार केला आहे. कुमार शहानी यांनीही प्रभातच्या संतपटांचे महत्त्व अधोरेखित केले. या विचारांमुळे ‘संत तुकाराम’ भाबड्या भक्तिपटांच्या रांगेतून बाहेर आला आणि आधुनिक भारतीय प्रतिमाविचाराचा विषय झाला. तथापि या विवेचनांचा भर प्रतिमेवर आणि तिच्या पावित्र्यावर आहे. प्रतिमा ज्या घरात, रानात आणि देवळात उभी आहे, त्या जागांची परस्परसंगती हा तितकाच महत्त्वाचा भाग आहे.

चित्रपटात दोन प्रकारचे अवकाश आहेत. पहिला दर्शनाचा अवकाश. त्यात विठ्ठल आहे, त्याच्यासमोर डोळे मिटून बसलेला विष्णुपंत पागनीसांचा तुकाराम आहे. येथे कॅमेरा फारसा हलत नाही. रचना सन्मुख, जवळजवळ रंगविलेल्या पडद्यासारखी सपाट राहते. पागनीस रंगभूमीवर स्त्रीभूमिका करणारे नट होते, संगीत रंगभूमीच्या सन्मुख गायनाची रीत त्यांच्या अंगी मुरलेली होती आणि या अवकाशात ती चपखल बसते. दुसरा अवकाश संसाराचा. त्यात चूल आहे, भांडी आहेत, पोरे आहेत, जनावर आहे, आणि या सगळ्याला पुरून उरणारी जिजाई आहे. गौरी या अभिनेत्रीने साकारलेली ही जिजाई सतत कामात असते. तिचे बोलणे हाताच्या कामातून फुटते. ती वस्तूंच्या ‘आत’ आहे. भांडे उचलल्याशिवाय, पोराला ओढल्याशिवाय, कमरेवर हात ठेवल्याशिवाय तिचे वाक्य पुरे होत नाही. गौरीच्या अभिनयाचे कौतुक ‘सहज’ या शब्दाने केले जाते. ही सहजता पोकळीत निर्माण होत नाही. वापरण्याजोग्या वस्तू योग्य अंतरावर असतील तरच नटाचे शरीर असे वावरू शकते. नेपथ्यकाराने केलेले दिग्दर्शन म्हणतात ते येथे दिसते. नटाला काय करायचे ते सांगण्याआधी, ते करण्याची जागा त्याने तयार केलेली असते.

चित्रपटातला नाट्यमय संघर्ष वस्तुतः या दोन अवकाशांतला आहे. म्हणूनच त्यातला सर्वांत प्रक्षोभक प्रसंग म्हणजे जिजाईने आजारी पोराला ओढत देवळात नेणे आणि पायातली वहाण हाती घेऊन विठ्ठलावर धावून जाणे. कथनाच्या दृष्टीने हा एका त्रस्त बाईचा उद्रेक. अवकाशाच्या दृष्टीने पाहिले तर संसारातली, धुळीतली एक वस्तू दर्शनाच्या अवकाशात शिरते. जेथे फक्त डोळे आणि कंठ यांना प्रवेश होता तेथे पाय आणि पायतण येते. सन्मुख, अचल रचना भंगते. चित्रपट हा भंग पाखंड म्हणून निषेधीत नाही. भक्तीची ही दुसरी, हक्काची रीत आहे, हे तो मान्य करतो.

चमत्कारांचा प्रवास उलट दिशेने होतो. तुकारामाच्या राखणीतले पीक गुरे खातात आणि ओसाड झालेल्या शेतात धान्याच्या राशी उभ्या राहतात. येथे दर्शनाच्या अवकाशातली शक्ती संसाराच्या अवकाशात ओसंडते. शिवाजीला पकडण्यासाठी शत्रूचे सैनिक कीर्तनात येतात तेव्हा विठ्ठलापासून अनेक शिवाजी प्रकट होतात. बुद्धिवादी समीक्षेला या प्रसंगांनी नेहमीच अडचणीत टाकले. काहींनी त्यांना काळाची मर्यादा मानून क्षमा केली, काहींनी ‘ट्रिक सीन’ म्हणून त्यांच्या तंत्राची वाखाणणी केली. दोन्ही पक्षांनी एक गोष्ट दुर्लक्षिली. या चमत्कारांत अदृश्य, अमूर्त असे काही नाही. चमत्कारात मिळते ते धान्य, वाचतो तो राजा, इंद्रायणीतून परत येतात त्या वह्या. जे उपजीविकेला आणि कवितेला लागते तेच चमत्कारातून येते. ज्या घरात धान्य नसणे ही रोजची वस्तुस्थिती म्हणून दाखविली आहे, त्या घराच्या कथेतच धान्याची रास हा चमत्कार ठरू शकतो. अभावाचे बांधकाम पक्के झाल्याशिवाय कृपेचे चित्र उभे राहत नाही.

या दृष्टीने चित्रपटाचा शेवट पाहावा. वैकुंठाला नेण्यासाठी गरुडाच्या आकाराचे विमान येते. ते उघडच नाटकी आहे. पौराणिक नाटकांच्या आणि मूकपटांच्या जगातून, पडद्यांच्या आणि यंत्रांच्या परंपरेतून ते थेट उतरले आहे. आजच्या प्रेक्षकाला त्याचे हसू येते आणि समीक्षकाला संकोच वाटतो. परंतु फत्तेलाल यांच्यासारख्या कलादिग्दर्शकाला देहूचे घर इतके विश्वसनीय बांधता येत होते, त्याला विमान तसे करता येत नव्हते, असे मानणे कठीण आहे. विमान ‘पुढच्या’ अवकाशातले आहे. त्याचे कार्य दर्शन देण्याचे. तुकाराम जिजाईला बरोबर चलण्यास सांगतो तेव्हा ती येत नाही. तिला मुलांच्या जेवणाचे पाहायचे असते. तुकाराम जातो आणि ती खाली राहते. दोन अवकाश, जे चित्रपटभर एकमेकांत घुसत होते, ते अखेर वेगळे होतात. एक वर जातो, दुसरा जमिनीवर, चुलीपाशी राहतो. विमान देहूच्या घराइतकेच वास्तव भासले असते तर हा वियोग केवळ दोन स्थळांमधला ठरला असता. ते पडद्याच्या जगातले राहिल्यामुळे वियोग दोन अस्तित्वांमधला ठरतो, आणि प्रेक्षकाची नजर आकाशाकडून पुन्हा जिजाईकडे येते.

४

ही रीत फत्तेलाल यांची, की प्रभातची, हा प्रश्न येथे उपस्थित होणे स्वाभाविक आहे. पटकथा शिवराम वाशीकरांची, संगीत केशवराव भोळ्यांचे, छायाचित्रण व्ही. अवधूत यांचे, आणि सहदिग्दर्शक दामले. यातला कोणता अंश कोणाचा हे निर्णायकपणे सांगता येणार नाही. मात्र तुलनेसाठी एक वाट मोकळी आहे. प्रभातच्या चित्रपटांत कलादिग्दर्शकाचा हात कायम राहिला आणि दिग्दर्शक बदलला. ‘कुंकू’ (१९३७) आणि ‘माणूस’ (१९३९) हे शांतारामांचे चित्रपट ‘संत तुकाराम’च्या लगतचे आहेत. ‘कुंकू’मधील वाड्याच्या अंतर्भागात घड्याळ, आरसा या वस्तू फत्तेलाल यांच्याच विभागातून आलेल्या. परंतु शांताराम त्यांच्याकडे बोट दाखवितात. घड्याळ म्हणजे वृद्धत्व, फुटलेला आरसा म्हणजे काकासाहेबांचे दुभंगलेले मन, असा अर्थ कॅमेरा नोंदवितो. वस्तू प्रतीक होते आणि प्रतीक झाल्यावर तिचा नित्याचा वापर थांबतो. ‘संत तुकाराम’मध्ये भांडे हे भांडेच राहते. त्याला अर्थ येतो तो कोण ते उचलतो, कोण उचलीत नाही यावरून. शांतारामांची पद्धत अधिक प्रगत आणि दामले-फत्तेलाल यांची अधिक भोळी, असा क्रम लावण्याचा मोह होतो. तो टाळला पाहिजे. एक पद्धत वस्तूंकडून अर्थ वदवून घेते आणि दुसरी वस्तूंना वापरात ठेवून अर्थ घडू देते.

याच १९३६ साली लंडनमध्ये आणखी एका कलादिग्दर्शकाने दिग्दर्शित केलेला चित्रपट प्रदर्शित झाला. विल्यम कॅमरन मेन्झीज यांचा ‘थिंग्ज टु कम’. कलादिग्दर्शनाचे पहिले अकादमी पारितोषिक मेन्झीज यांना मिळाले होते, आणि ‘प्रॉडक्शन डिझायनर’ ही संज्ञा पुढे ‘गॉन विथ द विंड’ (१९३९) मधील त्यांच्या कार्यासाठी रूढ झाली. चित्रपटातली चौकट न् चौकट आधी रेखाटून घेण्याची त्यांची पद्धत होती. एच. जी. वेल्स यांच्या संहितेवरील ‘थिंग्ज टु कम’मध्ये भविष्यातील नगराचे दर्शन विलक्षण आहे, तेथील माणसे मात्र त्या वास्तूंपुढे भाषणे करणाऱ्या आकृत्या होऊन उरतात. ‘दृश्याच्या मोहात माणसांना पारखा झालेला कलादिग्दर्शक’ हा समीक्षेतला ठोकळा बनविण्यास अशा चित्रपटांनी हातभार लावला. मेन्झीज यांना मात्र या ठोकळ्यात कायमचे बसविता येत नाही. ‘इन्व्हेडर्स फ्रॉम मार्स’ (१९५३) मध्ये त्यांनी उंच, लांबट, रिकाम्या जागा उभारून मुलाची भीती साकार केली, आणि तेथे सेट हाच पात्राच्या मनाचा आकार झाला.

मेन्झीज आणि फत्तेलाल यांच्यातला भेद संस्कृतीच्या ढोबळ कोटींनी, पूर्व आणि पश्चिम अशा जोडीने, सांगणे सोयीचे असले तरी अपुरे आहे. भेद कामाच्या रीतीत आहे. मेन्झीज यांचे नेपथ्य रेखाटनातून जन्मते. चौकटीचा कागद आधी असतो, त्यात माणूस नंतर येतो. कोल्हापूरच्या कार्यशाळेत वाढलेल्या फत्तेलाल यांचे नेपथ्य बांधकामातून जन्मते. माती, लाकूड, चुना यांना लागणारा वेळ आणि त्यांवर राबणारे हात त्यात असतात, आणि त्या जागेत कोणी तरी राहणार आहे हे बांधतानाच गृहीत असते. एकाचा कल चित्राकडे, दुसऱ्याचा वस्तीकडे. दोघेही कलादिग्दर्शक आणि दोघेही दिग्दर्शक झाले. तरी ‘कलादिग्दर्शकाचा चित्रपट’ असा एकच वर्ग करता येत नाही, हे या एका वर्षातल्या दोन चित्रपटांवरून ध्यानात यावे.

५

फत्तेलाल यांच्या पुढील वाटचालीत हा समतोल नेहमीच टिकला असे नाही. ‘गोपाळकृष्ण’ (१९३८) हा कंपनीच्या पहिल्याच मूकपटाचा विषय पुन्हा हाताळणारा बोलपट. शांता आपटे यांची राधा आणि राम मराठे यांचा कृष्ण यांमुळे त्यात गाण्याला आणि बाललीलांना प्राधान्य आले. ‘संत ज्ञानेश्वर’ (१९४०) मध्ये चमत्कारांचे तंत्र फार पुढे गेले. रेडा वेद बोलतो, भिंत चालते. भिंत चालणे हा नेपथ्यकाराच्या दृष्टीने परमोच्च क्षण म्हटला पाहिजे, कारण येथे सेटच पात्र होतो. परंतु नेमका येथेच तोल जातो. ज्ञानेश्वरांच्या कथेत जिजाई नाही. विरोध आहे तो ब्रह्मवृंदाचा, म्हणजे विचारांचा आणि अधिकाराचा. चुलीचा आणि भुकेचा नाही. त्यामुळे चमत्काराला पेलणारी जमीन तितकी भक्कम राहत नाही आणि चालणारी भिंत आश्चर्य म्हणून लक्षात राहते. राजा नेने यांच्यासह केलेल्या ‘संत सखू’ (१९४१) मध्ये जिजाईचा प्रश्न वेगळ्या रूपात परत येतो. हंसा वाडकर यांच्या सखूला घर हाच तुरुंग आहे. तिला बांधून ठेवले जाते आणि तिचे रूप घेऊन देव घरात राबतो. ‘पुढचा’ देव येथे ‘आत’ येतो आणि घरकाम करतो. अवकाशाच्या भाषेत ‘संत तुकाराम’च्या शेवटाला दिलेले हे एक उत्तर आहे.

१९४५ मध्ये दामले वारले. शांताराम त्याआधीच कंपनीतून बाहेर पडले होते. १९५३ मध्ये प्रभात बंद झाली. त्यानंतर १९५५ मध्ये फत्तेलाल यांनी एकट्याच्या नावावर ‘जगद्गुरु शंकराचार्य’ हा हिंदी चित्रपट दिग्दर्शित केला. विषय संताचाच आणि अनुभव तीन दशकांचा. पण या चित्रपटाला ‘संत तुकाराम’सारखे स्थान मराठी वा भारतीय स्मृतीत लाभले नाही. यावरून फत्तेलाल यांची प्रतिभा ओसरली असा निष्कर्ष काढणे, किंवा प्रतिभा दामले यांचीच होती असे ठरविणे, हे दोन्ही लेखकवादी सापळे आहेत. अधिक संभाव्य असे दिसते की, ज्या रीतीचे वर्णन वर केले ती एका व्यक्तीच्या ठायी नव्हती. सुतार, रंगारी, गायक, नट, ध्वनिमुद्रक हे एकाच आवारात वर्षानुवर्षे काम करीत होते. त्या सहवासातच ती शक्य होती. कार्यशाळा मोडली आणि तिचे दिग्दर्शन करणाऱ्याजवळ केवळ नाव उरले. फत्तेलाल १९६४ मध्ये वारले. तत्पूर्वी १९६० मध्ये प्रभातच्या जागेत चित्रपटाचे शिक्षण देणारी शासकीय संस्था सुरू झाली होती.

फत्तेलाल यांच्यासंबंधीच्या लेखनात एक आश्चर्य वारंवार व्यक्त होते. मुसलमान कलावंताने तुकाराम, ज्ञानेश्वर, शंकराचार्य यांचे चित्रपट केले, याचे ते आश्चर्य. त्यामागचा हेतू उदार असतो, पण परिणाम वाचन थांबविण्याचा होतो. शेख महंमदांना संतपरंपरेत सामावून घेणाऱ्या मुलखात याचे नवल वाटावे, हीच नवलाची गोष्ट. शिवाय अशा आश्चर्याने कलावंत उदाहरणापुरता उरतो. त्याने भिंत कशी बांधली आणि तिच्याआड कोणाला बसविले, हे पाहण्याची गरज संपते.

शेवटी पुन्हा कर्तृत्वाच्या प्रश्नाकडे यावे लागते. शांताराम आठवले यांनी ‘संत तुकाराम’साठी लिहिलेले ‘आधी बीज एकले’ हे गीत तुकारामाचाच अभंग म्हणून महाराष्ट्रात रुजले. चित्रपटातला सालोमालो तुकारामाची रचना स्वतःच्या नावावर खपवितो. चित्रपटाबाहेर एका आधुनिक गीतकाराची रचना तुकारामाच्या नावावर जमा होते. पहिली घटना चोरी आहे आणि दुसरी, अनामिकपणे घडलेला, कवीला बहुधा सुखावणारा लोप. कलादिग्दर्शकाचे काम या दुसऱ्या जातीचे असते. देहूचे घर खरे वाटते, म्हणजे ते कोणी बांधले याचा विसर पडतो. हा विसर कलेच्या दृष्टीने यश असले, तरी समीक्षेने तो तसाच स्वीकारणे हे तिचे अपयश आहे.

याचा अर्थ शांतारामांच्या जागी फत्तेलाल यांना बसवून प्रभातचा नवा ‘लेखक’ घोषित करावा असा नाही. तसे केल्यास चौकट तीच राहील, नाव फक्त बदलेल. नेपथ्याचे वाचन ही मराठी चित्रपटसमीक्षेची एक पद्धत व्हावी, एवढेच या उदाहरणातून निष्पन्न होते. पात्राला कोठे वाकावे लागते, कोणता उंबरठा कोण ओलांडतो, कोणती वस्तू कोणाच्या हाती येते आणि कोणत्या जागी ती परकी ठरते, यांची नोंद संवादांच्या आणि कथानकाच्या बरोबरीने झाली पाहिजे. संतपटांची समीक्षा गाथेशी आणि चरित्राशी असलेल्या इमानाच्या कसोटीवर दीर्घकाळ झाली. ती कसोटी साहित्याच्या अभ्यासकांना जवळची असल्यामुळे सोयीची होती. परंतु हातात वहाण घेतलेली जिजाई गाभाऱ्याकडे निघते तेव्हा काय घडते, हे तिच्या संवादांइतकेच तिने तुडविलेल्या अंतरावरूनही समजून घ्यावे लागते. आणि ते अंतर कोणी तरी मोजून बांधलेले असते.